न मागितलेला माहितीपट

“बाई, आधी पूल पुरा होणार की तुमचा सिनेमा?” असे त्या नावाड्याने मला विचारले, तेव्हा चित्रीकरणाचे चौथे वर्ष सुरू होते. नदीवर पूल होणार आणि तीस-पस्तीस वर्षे लोकांना पैलतीरी पोहोचवणारी त्याची नाव बंद पडणार, एवढ्या एका वाक्याच्या बळावर मी तो माहितीपट सुरू केला होता आणि माझा हिशेब दीड वर्षाचा होता. पुलाचे बांधकाम दोनदा रखडले, एका पुरात त्याचा भराव वाहून गेला, आणि मी मात्र दर दोन-तीन महिन्यांनी कॅमेरा घेऊन काठावर हजर होत राहिले. त्याच्या प्रश्नात टोमणा नव्हता. ज्याचे काम रोज संध्याकाळी संपते, अशा माणसाला संपतच नसलेल्या कामाविषयी वाटणारे निखळ कुतूहल त्यात होते. मी हसून वेळ मारून नेली. पण परतताना माझ्या लक्षात आले की या शर्यतीत पूल आणि मी बरोबरीचे नव्हतोच. पुलाची निविदा निघाली होती, त्याच्यासाठी पैसे मंजूर झाले होते, तो लांबला म्हणून कुरकुर करणारी माणसे दोन्ही काठांवर होती. माझा माहितीपट कोणीही मागितलेला नव्हता. तो पुरा झाला नसता तर कोणाचेही काही अडले नसते.

‘स्वतंत्र माहितीपटकार’ या शब्दांतल्या ‘स्वतंत्र’चा अर्थ मला इतक्या वर्षांनंतर एवढाच कळला आहे. वाहिनीने किंवा संस्थेने सांगून करवून घेतलेल्या माहितीपटाला मी कमी लेखत नाही. तसे मीही पुष्कळ केले आहेत आणि त्यांवर माझे घर चालले आहे. पण तिथे लांबी, मुदत, पैसा आणि प्रेक्षक या चारही गोष्टी पहिल्या दिवशी ठरलेल्या असतात. स्वतंत्रपणे काम करताना त्यांतली एकही ठरलेली नसते, आणि आपल्या कामाला कोणीतरी गिऱ्हाईक आहे हे आधी स्वतःला आणि मग इतरांना पटवून देत राहणे हाच कामाचा मोठा भाग होऊन बसतो. स्वतंत्र म्हणजे पैशाच्या विचारातून सुटलेला, असा नवख्यांचा समज असतो. प्रत्यक्षात पगारी दिग्दर्शक महिन्यातून जितक्या वेळा पैशाचा विचार करत असेल, तितक्या वेळा मी सकाळच्या पहिल्या तासात करते. या खटाटोपातून हाती लागतात त्या दोन गोष्टी: वाट पाहण्याची मुभा आणि संकलनाच्या टेबलावरचा शेवटचा शब्द. बाकी सारे या दोहोंसाठी सोडून द्यावे लागते.

पैसा आणि माहितीपट यांचे हे नाते आजचे नाही. या प्रकाराचा आरंभ म्हणून ज्या चित्रपटाचे नाव घेतले जाते, तो रॉबर्ट फ्लाहर्टी यांचा १९२२ सालचा ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ एका फ्रेंच फर कंपनीच्या पैशातून झाला. त्याआधी फ्लाहर्टी यांनी कॅनडाच्या बर्फाळ उत्तरेत जाऊन भरपूर चित्रीकरण केले होते, पण १९१६ मध्ये त्यांच्याच हातच्या सिगारेटने मूळ निगेटिव्ह पेटले आणि जवळपास तीस हजार फूट फिल्म जळून गेली. ते पुन्हा तिकडे गेले आणि सारे नव्याने चित्रित करून आले. कॅमेऱ्याला आत पुरेसा उजेड मिळावा म्हणून त्यांनी अर्धाच इग्लू, म्हणजे बर्फाचे घर, बांधवून घेतला होता, आणि ज्या शिकाऱ्याला त्यांनी ‘नानूक’ म्हटले त्याचे खरे नाव आलाकारिआलाक होते. त्या अर्ध्या इग्लूवरून फ्लाहर्टी यांना नावे ठेवण्याची आमच्यात पद्धत आहे. मीही पूर्वी ठेवत असे. पुढे तशीच एक वेळ माझ्यावर आली.

इंग्रजीत ‘डॉक्युमेंटरी’ हे नाव रुळले ते जॉन ग्रिअरसन यांनी १९२६ मध्ये फ्लाहर्टी यांच्याच पुढच्या चित्रपटावर लिहिलेल्या वृत्तपत्रीय परीक्षणामुळे. वास्तवाची सर्जनशील मांडणी, असे त्यांनी नंतर या प्रकाराचे वर्णन केले आणि ‘वास्तव’ व ‘सर्जनशील’ या दोन शब्दांचे तेव्हा जुंपलेले भांडण अजून मिटलेले नाही. मराठीत आपल्याकडे दोन शब्द आहेत. ‘माहितीपट’ जास्त रुळला, त्यामुळे भेटणारा प्रत्येक जण “कशाची माहिती देणार आहात?” असे विचारतो, आणि नावाड्याविषयी मी फारशी माहिती देणार नाही असे सांगितले की त्याचा चेहरा पडतो. ‘अनुबोधपट’ हा जुना शब्द आता क्वचितच ऐकू येतो. त्याची ‘अनु’ आणि ‘बोध’ अशी फोड करून ‘मागाहून होणारा बोध’ असा माझ्या सोयीचा अर्थ मी लावून घेतला आहे. व्युत्पत्तीचे जाणकार कपाळाला हात लावतील, पण माझा अनुभव तसाच आहे. आपण नेमके काय चित्रित करत होतो हे चित्रीकरण संपल्यावरच कळते.

अडचण अशी की पैसे देणाऱ्यांना ते सुरुवातीलाच कळायला हवे असते. माझ्या एकाच शरीरात एक दिग्दर्शिका आणि एक निर्माती राहते. दिग्दर्शिका म्हणते, पुढच्या पावसापर्यंत थांबू, आणि निर्माती विचारते, तोवर कॅमेऱ्याचे भाडे कोण भरणार. बाहेरून पाहणाऱ्याला दिग्दर्शिकाच दिसते, पण या कारकिर्दीचा मोठा हिस्सा निर्मातीने खाल्लेला आहे. नावाड्यावरच्या माहितीपटाला सात वर्षे लागली आणि त्यांत चित्रीकरणाचे दिवस शंभरही भरत नाहीत. बाकीचा काळ टेबलाशी गेला: लॉगलाइन (एका वाक्यातले कथासूत्र), सारांश, ट्रीटमेंट, दिग्दर्शकाचे मनोगत, अंदाजपत्रक, वेळापत्रक, आणि अलीकडे त्यांत भर पडलेला ‘इम्पॅक्ट’चा आराखडा, म्हणजे न झालेल्या चित्रपटाचा न भेटलेल्या प्रेक्षकांवर काय परिणाम होईल याचे भाकीत. ट्रीटमेंट हा तर चमत्कारिक लेखनप्रकार आहे. जे अजून घडलेले नाही ते घडल्यासारखे, चालू वर्तमानकाळात, प्रसंगवार लिहायचे असते. मी लिहिले होते, ‘शेवटच्या प्रसंगात नावाडी आपली रिकामी नाव घेऊन नव्या पुलाखालून जातो.’ वाक्य मला आवडले, ते वाचणाऱ्या समितीलाही आवडले, आणि पहिले मोठे अनुदान मिळाले ते बहुधा त्या वाक्यावरच.

पुढे पूल उभा राहिला आणि ते वाक्य माझ्या मानेवर बसले. नावाडी काही पुलाखालून जाईना. मी चार फेऱ्या वाट पाहिली, आणि पाचव्या फेरीत, एका संध्याकाळी, उजेड फार चांगला असताना, मला मोह आवरला नाही. “काका, एकदा नाव पुलाखालून न्याल का?” असे मी विचारून टाकले. त्यांनी पुलाकडे पाहिले, माझ्याकडे पाहिले आणि म्हणाले, “तिकडं कशाला? तिकडं घाट नाही.” त्यांच्या चाळीसेक वर्षांच्या नदीत त्या दिशेला जाण्याचे काही कारणच नव्हते, आणि माझे कारण त्यांना सांगण्यासारखे नव्हते. तो प्रसंग माहितीपटात नाही. अनुदानाच्या अंतिम अहवालात ‘मंजूर प्रस्तावापासून झालेले बदल व त्यांची कारणे’ असा एक रकाना होता. त्यात मी ‘घाट नाही’ एवढेच लिहिणार होते, पण निर्मातीने लिहू दिले नाही. तिने ‘चित्रीकरणादरम्यान उलगडत गेलेली व्यक्तिरेखा’ वगैरे अर्धे पान भरले. फ्लाहर्टी यांच्या अर्ध्या इग्लूविषयी मी त्यानंतर वर्गात जरा मवाळपणे बोलू लागले.

पिचिंगविषयी, म्हणजे पैसे देणाऱ्यांसमोर आपला चित्रपट मांडण्याविषयी, फार लिहीत नाही, कारण त्या अनुभवाचे विनोद सगळेच सांगतात. ॲमस्टरडॅमचा ‘इड्फा’ हा माहितीपटांचा महोत्सव १९८८ मध्ये सुरू झाला आणि १९९३ पासून तिथे सहनिर्मितीचा ‘फोरम’ भरतो. तसे बाजार आता अनेक शहरांत भरतात. वाहिन्यांचे आणि निधींचे प्रतिनिधी टेबलाभोवती बसतात, तुम्हाला टीझरसकट जेमतेम सात मिनिटे मिळतात आणि मग प्रश्न येतात. अशाच एका ठिकाणी मला “हा विषय आत्ताच का?” असे विचारण्यात आले. नदी ओलांडण्याला ‘आत्ता’ नसते हे उत्तर मला दोन दिवसांनी सुचले. दुसऱ्या एका गृहस्थांना नायक थोडा तरुण हवा होता. या बैठकांची मी थट्टा करते, पण त्यांचा उपयोग मला मान्य आहे. सात मिनिटांत सांगता येत नसेल तर पुष्कळदा ते आपल्यालाच कळलेले नसते, आणि नाकारणाऱ्यांपैकी एखादा जण तीन वर्षांनी, रफ कट म्हणजे संकलनाची कच्ची प्रत पाहून, पुन्हा दार उघडतो.

पैसा मग ठिगळाठिगळाने जमतो: एक निधी संशोधनाला, दुसरा चित्रीकरणाला, एखादी वाहिनी प्रक्षेपणाचे हक्क आधी विकत घेते, आणि मधल्या भगदाडांत स्वतःची बचत जाते. तो हप्त्यांनी येतो, आणि शेवटचा हप्ता तयार प्रत, करारनामे, हिशेब आणि उपशीर्षकांची यादी सादर केल्यावरच मिळतो. म्हणजे ज्या कामासाठी तो दिलेला आहे ते काम उसनवारी करून आधी संपवावे लागते. अंदाजपत्रक कमी करायची वेळ आली की आमच्यातला जवळपास प्रत्येक जण पहिली काट स्वतःच्या मानधनावर मारतो, आणि त्याला त्याग म्हणतो. मी हे तीन माहितीपटांत केले आणि तिन्ही वेळा ते चुकले, असे माझे स्पष्ट मत आहे. ज्या अंदाजपत्रकात दिग्दर्शकाच्या जगण्याचा खर्च नाही ते खोटे अंदाजपत्रक असते. ते पाहणाऱ्या संस्थेची समजूत होते की माहितीपट एवढ्यात होतो, आणि ज्याच्यामागे कोणाची कमाई नाही अशा पुढच्या मुलीला दार बंद होते. ही कारकीर्द घरची ऊब असलेल्यांनाच परवडते, हे आपण कौतुकाच्या स्वरात सांगतो, आणि त्याचा दोष ज्या खोट्या आकड्यांवर येतो ते आपणच लिहिलेले असतात. मी स्वतः इतरांचे चित्रपट संकलित करून, शिकवून आणि कंपन्यांचे प्रशिक्षणपट करून तगले. त्याची मला लाज वाटली नाही. फक्त सकाळ कोणाला द्यायची आणि रात्र कोणाला, हे भांडण कायम राहिले.

साधनांविषयी सांगायचे तर मी ज्यांच्या हाताखाली शिकले ते सोळा मिलिमीटरच्या फिल्मवर काम केलेले लोक होते. चारशे फुटांचा एक रोल सेकंदाला चोवीस फ्रेमच्या वेगाने साधारण अकरा मिनिटे चालतो, आणि त्या अकरा मिनिटांची किंमत डोक्यात घट्ट बसलेली असल्याने कॅमेरा सुरू करण्याआधी ते पुष्कळ वेळ नुसते पाहत. १९६० च्या सुमारास खांद्यावर घेता येणारा कॅमेरा आणि त्याच्याशी जुळवून चालणारा नाग्रा ध्वनिमुद्रक एकत्र आले आणि लोक बोलत असताना त्यांच्यामागे चालणे शक्य झाले. १९९० च्या दशकाच्या मध्यावर डीव्ही, म्हणजे डिजिटल व्हिडिओचे, कॅमेरे आले आणि रोलची भीती गेली. भीतीबरोबर ते पाहणेही थोडे गेले. शिकागोत दोन मुलांच्या बास्केटबॉलच्या स्वप्नामागे चाललेला ‘हूप ड्रीम्स’ हा १९९४ चा चित्रपट मुळात तीस मिनिटांचा होणार होता. पाच वर्षांत त्याचे सुमारे अडीचशे तासांचे चित्रीकरण झाले आणि चित्रपट जवळजवळ तीन तासांचा झाला. त्या काळी हा आकडा ऐकून माणसे थक्क होत. आज एखादा विद्यार्थी पदविकेच्या वीस मिनिटांसाठी नव्वद तास घेऊन येतो आणि त्यातले तीस त्याने स्वतःही पाहिलेले नसतात. माझे हात स्वच्छ आहेत असे नाही. माझ्याकडे एकशे चाळीस तास होते, आणि त्यांतली एक सबंध सकाळ वाऱ्याने माइक भरून गेल्यामुळे आवाजावाचून आहे, कारण त्या दिवशी ध्वनिमुद्रण करणाऱ्याचे पैसे वाचवायचे म्हणून मी एकटीच गेले होते.

माणसांविषयी मात्र सावकाश लिहायला हवे. पहिल्याच वर्षी मी नावाड्याकडून संमतीपत्रावर सही घेतली. ‘सर्व माध्यमांत, सध्या ज्ञात असलेल्या व भविष्यात शोधल्या जाणाऱ्या सर्व स्वरूपांत, कायमस्वरूपी, संपूर्ण विश्वात’ अशी त्याची भाषा असते. वकिलांनी विश्वही सोडलेले नाही. काकांनी कागद न वाचता सही केली आणि कागद ओला होऊ नये म्हणून तो माझ्याच हातात परत दिला. कायद्याने माझे काम तिथे संपले. पण पहिल्या वर्षी त्यांनी एका अनोळखी बाईला, तिला फार वेळ लागणार नाही या समजुतीने, होकार दिला होता. पाचव्या वर्षी त्यांच्या घरातली भांडणे, त्यांच्या मुलाचे निघून जाणे, नावेच्या मालकीचा वाद, हे सारे माझ्या डिस्कवर होते, आणि या साऱ्याला त्यांनी कधी हो म्हटले हे मला त्या कागदावरून सांगता आले नसते. त्यानंतर मी नेम केला की रफ कट दाखवून पुन्हा विचारायचे, आणि ते ‘हे काढा’ म्हणाले तर वाद न घालता ऐकायचे. त्यांनी एकच गोष्ट काढायला लावली. ती कोणती हे इथेही लिहीत नाही.

ज्याचे आयुष्य आहे त्याला चित्रपट दाखवणे ही काही माझी कल्पना नव्हे. ज्याँ रूश आणि एदगार मोरँ यांनी १९६१ च्या पॅरिसवरच्या आपल्या चित्रपटात भाग घेतलेल्यांना एकत्र बसवून त्यांनाच त्यांचे चित्रीकरण दाखवले आणि त्यांची चर्चाही चित्रपटात ठेवली. काहींना जे दिसले ते खोटे वाटले, काहींना ते असभ्य वाटावे इतके उघडे वाटले. मला वाटते, माहितीपटाविषयीचे बहुतेक आक्षेप या दोन वाक्यांत मावतात. फ्रेडरिक वाइझमन यांचा पहिला माहितीपट, मॅसॅच्युसेट्समधल्या मनोरुग्ण कैद्यांच्या संस्थेवरचा १९६७ चा ‘टिटिकट फॉलीज’, तिथल्या माणसांच्या खाजगीपणाच्या कारणावरून न्यायालयाने सर्वसामान्य प्रेक्षकांपासून दूर ठेवला, तो १९९१ पर्यंत. खाजगीपण कोणाचे जपले गेले, रुग्णांचे की संस्थेचे, यावर वाद घालता येतो, आणि मी घालते. पण त्या उघड्या माणसांकडून होकार म्हणजे नेमके काय मिळवता येत होते, हा प्रश्न त्यामुळे पुसला जात नाही. आणि ज्याने माणसाचे भले झाले तिथेही सारे गोड नसते. एरॉल मॉरिस यांच्या १९८८ च्या ‘द थिन ब्लू लाइन’ने रँडल ॲडम्स यांच्यावर झालेला अन्याय उघड केला आणि १९८९ मध्ये ते तुरुंगातून सुटले, पण पुढे त्यांनी स्वतःच्या आयुष्याच्या कथेवरचे हक्क परत मिळावेत म्हणून मॉरिस यांच्यावरच दावा लावला. तो न्यायालयाबाहेर मिटला. हा प्रसंग मी दर वर्षी विद्यार्थ्यांना सांगते आणि दर वर्षी वर्गातले निम्मे जण ॲडम्स यांना कृतघ्न म्हणतात. मला ते कृतघ्न वाटत नाहीत. बारा वर्षे ज्याचे आयुष्य इतरांच्या ताब्यात होते, त्याने सुटल्यावर पहिल्यांदा तेच मागितले यात नवल ते काय? माझ्या बाबतीत सांगायचे तर नावाड्याच्या नावेने मला तीन देशांत नेले, नवे काम मिळवून दिले, आणि त्याला काय मिळाले याचे उत्तर मला अजून नीट देता येत नाही. महोत्सवाच्या बक्षिसातला वाटा मी दिला. तो हिशेब पुरा झाला असे आम्हा दोघांपैकी कोणालाही वाटले नसावे.

हक्कांचा दुसरा प्रकार अधिक रुक्ष आणि अधिक खर्चिक आहे. दुसऱ्या वर्षीच्या एका फेरीत वल्हवता वल्हवता काका एक जुने चित्रपटगीत गुणगुणतात. वीस सेकंद, दीड ओळ, तीही सुरात नाही. त्या वीस सेकंदांच्या परवानगीसाठी एका संगीत कंपनीशी मी आठ महिने पत्रव्यवहार केला आणि शेवटी सांगितली गेलेली रक्कम माझ्या ध्वनिमिश्रणाच्या सबंध खर्चाएवढी होती. या बाबतीत माझी आवडती गोष्ट ‘हॅपी बर्थडे टू यू’ची आहे. या गाण्यावरच माहितीपट करणाऱ्या जेनिफर नेल्सन यांच्याकडून ते वापरण्यासाठी दीड हजार डॉलर घेतले गेले. त्यांनी २०१३ मध्ये दावा दाखल केला, २०१५ मध्ये अमेरिकेतल्या न्यायाधीशांनी प्रकाशक कंपनीचा शब्दांवरचा हक्क अमान्य ठरवला आणि पुढच्या वर्षी एक कोटी चाळीस लाख डॉलरवर तडजोड झाली. जगभरच्या वाढदिवसांना आवाज परत मिळाला तो एका माहितीपटकाराच्या चिकाटीमुळे, हे मला फार समाधानाचे वाटते. उलट बाजूही तितकीच खरी आहे. अमेरिकेतल्या नागरी हक्कांच्या चळवळीवरची ‘आइज ऑन द प्राइझ’ ही १९८७ मध्ये सुरू झालेली मालिका, तिच्यातल्या जुन्या चित्रफितींच्या आणि गाण्यांच्या परवान्यांची मुदत संपल्यामुळे वर्षानुवर्षे दाखवता येत नव्हती. नव्याने परवाने घेऊन ती २००६ मध्ये पुन्हा प्रक्षेपित झाली. निर्मात्याने मुदतीचा परवाना घेतला तो तेव्हा परवडणारा तोच होता म्हणून. मी ते गुणगुणणे कापले. संकलकाने तिथे वल्ह्याचा आवाज थोडा वर आणला, आणि तिथे काही गाळले आहे हे कोणाला कळत नाही. मला कळते.

संकलक हा या व्यवसायातला सर्वांत कमी वाखाणला गेलेला माणूस आहे. माझा संकलक नदीवर कधीही आला नाही. मी बोलावले तेव्हा त्याने नकार दिला. तिथली थंडी आणि तिथपर्यंतची वाट माहीत नसल्यामुळेच कोणता शॉट खरोखर बोलतो आणि कोणता फक्त मला कष्टाने मिळाला म्हणून प्रिय आहे, हे त्याला दिसत असे. पुराच्या पहाटे जीव धोक्यात घालून मिळवलेली माझी दृश्ये त्याने दुसऱ्या आठवड्यात बाजूला ठेवली आणि म्हणाला, “हे तुमच्याविषयी आहे.” चौदा महिने आम्ही त्या खोलीत बसलो. त्यातून बावन्न मिनिटांची प्रत निघाली, कारण आधी हक्क घेतलेल्या वाहिनीला बावन्नच हवी होती; तासाच्या चौकटीतून जाहिराती आणि निवेदने वजा केली की साधारण तेवढेच उरते. काम घट्ट झाले होते. कुठे ढिलाई नव्हती, आणि पाहणाऱ्या दोघा-तिघा स्नेह्यांनी ‘वेग छान आहे’ असे सांगितले.

ती प्रत घेऊन मी नदीवर गेले. पूल सुरू होऊन तेव्हा अकरा महिने झाले होते, म्हणजे शर्यत पुलाने जिंकली होती. काकांनी ते बोलून दाखवले नाही. लॅपटॉप एका पेटीवर ठेवून त्यांना आणि त्यांच्या पत्नीला मी सबंध चित्रपट दाखवला. त्या मधून मधून हसत होत्या, एकदा काकांच्या जुन्या सदऱ्याकडे बोट दाखवून त्यांनी काहीतरी पुटपुटले, आणि मुलाच्या प्रसंगाला दोघेही गप्प बसले. संपल्यावर काका थोडा वेळ काळ्या पडद्याकडे पाहत राहिले. मग म्हणाले, “सगळं बरोबर आहे. फक्त नाव इतक्या लवकर पलीकडे जात नाही.”

बावन्न मिनिटांच्या प्रतीत नदी ओलांडायला चाळीस सेकंद लागत होते. मी संकलकाला हे सांगितले तेव्हा तो बराच वेळ काही बोलला नाही, आणि नंतर त्याने दुसऱ्या वर्षीच्या डिस्कवरचा एक शॉट शोधून काढला. तो मी नावेच्या मागच्या टोकाशी बसून, काठापासून काठापर्यंत, कॅमेरा न थांबवता घेतलेला होता आणि निरुपयोगी म्हणून बाजूला टाकलेला होता. वाहिनीला तिची बावन्न मिनिटे दिली. महोत्सवांसाठी आणि आम्ही स्वतः भरवलेल्या खेळांसाठी अठ्ठ्याऐंशी मिनिटांची दुसरी प्रत केली, आणि तिच्या ध्वनिमिश्रणाचा, रंगसंस्काराचा व उपशीर्षकांचा खर्च निर्मातीने माझ्या पुढच्या दोन वर्षांच्या कमाईतून वळता केला. तिच्यात तो शॉट अखंड आहे. एका महोत्सवाच्या निवडकर्त्यांनी तो निम्मा केला तर स्पर्धा विभागाचा विचार करता येईल असे कळवले होते. त्यांना नकार देताना दिग्दर्शिका आणि निर्माती यांचे प्रथमच एकमत झाले. वितरणाचे म्हणाल तर वाइझमन यांनी १९७१ मध्येच स्वतःची वितरण संस्था काढली होती; मी तेवढे काही केलेले नाही, पण ग्रंथालये, महाविद्यालये आणि फिल्म सोसायट्या यांच्याकडून एकेक खेळ जमवत ही प्रत अजून फिरते आहे, आणि शक्य असेल तिथे मी तिच्याबरोबर जाते.

नदी ओलांडण्याचा तो शॉट सुरू झाला की मी सभागृहाच्या मागच्या दाराशी जाऊन उभी राहते. तो सहा मिनिटे चाळीस सेकंदांचा आहे. दुसऱ्या मिनिटाला खोकल्याचे आवाज सुरू होतात, तिसऱ्याला कोणाच्या तरी मोबाइलचा उजेड चमकतो, आणि साधारण चौथ्या मिनिटाला, नाव मधल्या प्रवाहात असताना, दोन-तीन माणसे वाकून, इतरांच्या पायांतून वाट काढत बाहेर पडतात. मी त्यांच्यासाठी दार धरून ठेवते, आणि ते गेले की आवाज होणार नाही अशा बेताने लावून घेते.